सगळेच ‘सहमत’ कसे?

सर्वेक्षणाच्या कामाला लागून महिना झाला, की नवीन मुलं-मुली एक तक्रार घेऊन येतातच. “ताई, लोक सगळ्यालाच हो म्हणतात. फॉर्म भरून उपयोग काय?” टॅबवरचा डेटा उघडला की तसंच दिसतं : चार, चार, पाच, चार (चार म्हणजे ‘सहमत’, पाच म्हणजे ‘पूर्णपणे सहमत’). ग्रामसभा वेळेवर होते, सहमत. ग्रामसभेचा कुणाला पत्ताच लागत नाही, त्यालाही सहमत. माणूस तोच, घर तेच, मधे फक्त बारा-पंधरा प्रश्न.

एमएसडब्ल्यू किंवा समाजशास्त्र, अर्थशास्त्रात एमए करून आलेल्यांनी हे पुस्तकात एखाद्या परिच्छेदात वाचलेलं असतं आणि परीक्षेनंतर विसरलेलंही असतं. आम्ही फील्डवर त्याला ‘हो ला हो’ म्हणतो. प्रश्नात काय आहे याच्याशी फारसा संबंध न ठेवता होकार देण्याची ही ओढ. या क्षेत्रात टिकायचं असेल तर तिच्याशी लवकर ओळख करून घ्या.

आधी एक समजूत डोक्यातून काढा. “अडाणी लोक हो, नंदीबैलासारखी मान हलवतात,” असं सुपरवायझरसुद्धा सर्रास बोलतात. पण नंदीबैल आपल्या मनाने मान हलवत नाही, दोरी मालकाच्या हातात असते. आपल्या कामात ती दोरी प्रश्नाच्या घडणीत असते, विचारणाऱ्याच्या सुरात असते आणि सोबत कोण उभं आहे त्यात असते.

हा काही खेड्यापाड्याचा किंवा आपल्या देशाचा खास दोष नाही. अमेरिकेत १९७०च्या दशकात हॉवर्ड शुमन आणि स्टॅन्ली प्रेसर या समाजशास्त्रज्ञांनी एक साधा प्रयोग केला. काही लोकांना विचारलं, “गुन्हेगारीला सामाजिक परिस्थितीपेक्षा माणसं स्वतः जास्त जबाबदार आहेत, सहमत की असहमत?” सुमारे ६० टक्के सहमत. दुसऱ्या गटाला वाक्य उलटं करून दिलं : माणसांपेक्षा परिस्थिती जास्त जबाबदार. तिथेही सुमारे ५७ टक्के सहमत! दोन्ही गट सारख्याच पद्धतीने निवडलेले होते, त्यामुळे दोन्हीकडे बहुमत मिळणं तर्काला धरून नाही. त्याआधी १९५०मध्ये हुकूमशाही वृत्ती मोजण्यासाठी कॅलिफोर्नियात तयार झालेली एफ-मापनी गाजली होती. तिची सगळी विधानं एकाच बाजूने लिहिलेली होती, म्हणजे ‘सहमत’ म्हणत जाईल तो हुकूमशाही वृत्तीचा. यात वृत्ती किती आणि नुसती मान डोलावणं किती, यावर पुढे वर्षानुवर्षं वाद झाला.

मला स्वतःला सगळ्यात उपयोगी पडला तो डेट्रॉईटचा अभ्यास. गेरहार्ड लेन्स्की आणि जॉन लेगेट यांनी १९६०मध्ये तो प्रसिद्ध केला. त्यांनी एकाच मुलाखतीत दोन परस्परविरोधी विधानं ठेवली होती : आजच्या काळात मूल जन्माला घालणं त्या मुलावर अन्याय आहे, आणि आज जन्मणाऱ्या मुलांचं भविष्य उज्ज्वल आहे. दोन्हींना सहमती देणारे कमी शिकलेल्यांत आणि कामगारांत जास्त निघाले. मुलाखत घेणारा गोरा आणि देणारा काळा असेल तेव्हा तर आणखी. त्यांचं म्हणणं असं, की समोरच्याचा दर्जा आपल्याहून वरचा आहे असं वाटलं की माणूस अदबीने होकार देतो. हे वाचलं आणि आमच्याकडची खुर्ची-सतरंजी डोळ्यांपुढे आली. आपल्याला खुर्ची देतात, स्वतः उंबऱ्याशी बसतात, चहा टाकतात. अशा पाहुण्याला “नाही, तुम्ही म्हणता ते चूक आहे,” असं कोण म्हणेल? शहाणा तपासनीस, म्हणजे घरोघर फॉर्म भरणारा, म्हणूनच सतरंजी मागून खाली बसतो.

आपल्याकडे यात आणखी एक थर चढतो. गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब आणि बरोबर अंगणवाडीताई किंवा ग्रामपंचायतीचा शिपाई दिसला, की आपण ‘योजनेची माणसं’ ठरतो. तक्रार केली तर नाव कापतील आणि चांगलं बोललो तर घरकुल मिळेल, अशी दोन्ही गणितं मनात चालू असतात. चांगलं दिसावं म्हणून दिलेलं उत्तर आणि नुसतं हो ला हो यांत फरक आहे, तो ओळखायला शिका. चांगलं दिसू पाहणारा माणूस ‘मी रोज हात धुतो’ला हो म्हणेल आणि ‘कधीकधी राहून जातं’ला नाही. हो ला हो करणारा दोन्हीकडे हो म्हणेल. म्हणून पायलटच्या, म्हणजे आधीच्या छोट्या चाचणीच्या वेळी प्रश्नावलीत एकमेकांच्या विरुद्ध विधानांच्या एक-दोन जोड्या लांब लांब पेरून ठेवायच्या. दोन्हीकडे ‘सहमत’ आलं, की कुठल्या आजाराशी गाठ आहे ते कळतं.

एक घर सांगते. जालना जिल्हा, एप्रिल. विधान होतं : ‘गावातल्या पाणीपुरवठ्याबाबत मी समाधानी आहे.’ बाई ओट्यावर गहू निवडत होत्या. “हो, हाये की समाधानी.” माझ्याबरोबरच्या तपासनीस मुलीने टॅबवर ‘सहमत’ दाबलं. बाईंच्या मागे दोन निळे ड्रम, त्यांवर फडकी बांधलेली, आणि भिंतीला नवा कोरा नळ. तोटी इतकी कोरडी की तिच्यावर कुंभारीण माशीने मातीचं घर केलं होतं. मी मुलीला म्हटलं, पुढच्या प्रश्नाला जाण्याआधी एवढं विचार : नळाला शेवटचं पाणी कधी आलं? बाईंनी हात थांबवला, आठवलं. “होळीच्या आधी आलं व्हतं. मंग मोटर जळाली.” मग टँकर कधी येतो, घराला किती हंडे मिळतात, हंडा केवढा, सगळं बिनचूक आलं. आवाजही बदलला. त्या खोटं बोलत नव्हत्या. ‘समाधानी आहात का’ याला पाहुण्यापुढे एकच उत्तर असतं, ते त्यांनी दिलं. ‘शेवटचं कधी’ याला हो म्हणताच येत नाही.

या कामातलं माझं ठाम मत यातूनच झालं आहे : मोजता येण्यासारखी गोष्ट असेल तर ‘सहमत-असहमत’ वापरूच नका. कधी, किती, कोण, कुठून, हे विचारा. जल जीवन मिशनचं प्रमाण माणशी रोज ५५ लिटर आहे, पण लिटर विचारलेत तर पुन्हा अंदाजपंचे मान हलेल. हंडे विचारा, हंड्याचं माप एकदा घ्या, गुणाकार टॅबला करू द्या.

मत किंवा भावनाच विचारायची असेल तेव्हा दोन बाजू मांडा. “काही जण म्हणतात मुलीचं लग्न शिक्षण संपल्यावरच करावं, काही म्हणतात चांगलं स्थळ आलं तर थांबू नये. तुमचं मत कुणाच्या जवळचं?” इथे दोन्ही बाजूंना माणसं आहेत, त्यामुळे पाहुण्याला दुखावण्याचा प्रश्न उरत नाही. फक्त ऐकून उत्तर देताना शेवटी ऐकलेलं जास्त लक्षात राहतं, म्हणून निम्म्या घरांत क्रम उलटा ठेवा. कोबो किंवा ओडीके या टॅबवरच्या सर्वेक्षणाच्या सॉफ्टवेअरवर फॉर्म बनवणाऱ्याला ते करता येतं, मागे लागावं लागतं एवढंच.

लिकर्ट यांची १९३२ची पाच घरांची मापनी (‘पूर्णपणे असहमत’ ते ‘पूर्णपणे सहमत’) बहुतेक प्रश्नावल्यांत असते, त्यामुळे ती तुम्हाला टळणार नाही. तिचा खरा घोटाळा दारात होतो. उत्तरदाता म्हणतो “हो”. आता हे ‘सहमत’ की ‘पूर्णपणे सहमत’? बहुतेक वेळा ते तपासनीसाचं बोट ठरवतं. त्यावर उपाय म्हणजे दोन पायऱ्या : आधी बाजू विचारा, मग “थोडंसं की पक्कं?” हसऱ्या-रडक्या चेहऱ्यांची कार्डं मला फारशी आवडत नाहीत. मोठी माणसं हसरा चेहरा निवडून मोकळी होतात.

‘अर्धी विधानं उलटी करा’ हा सल्लाही तुम्हाला मिळेल. रोझेनबर्ग यांच्या १९६५च्या आत्मसन्मान मापनीत पाच विधानं सुलट आणि पाच उलट आहेत ती याचसाठी. सल्ला बरोबर आहे, पण ‘नाही’ घालून उलटं करू नका. “दवाखान्यात औषधं मिळत नाहीत, सहमत की असहमत?” याला उत्तर येतं “नाही”. म्हणजे मिळत नाहीत, की तुमचं म्हणणं मान्य नाही? उलटं करायचं तर सरळ वाक्यात करा : “औषधं बाहेरून विकत आणावी लागतात.”

विचारण्याच्या ढंगाचं ट्रेनिंग दोन दिवसांत उरकतात, तिथेच पाणी मुरतं. “पाणी येतं का?” आणि “पाणी येतं ना?” यांत एका अक्षराचा फरक आहे आणि निकालात मोठा पडतो. दुपारी चारनंतर, पाचव्या-सहाव्या घरी, प्रत्येकाच्या तोंडून ‘ना’ निघतो. उत्तर मिळाल्यावर “छान, छान” म्हणू नका, मान हलवू नका. सून बोलत असेल आणि सासू दारात असेल तर घराबद्दलचे प्रश्न मागे ठेवा. मतांचे प्रश्न अगदी शेवटी कधीच नकोत. मुलाखत पाऊण तासावर गेली की माणूस दूध तापत ठेवल्याच्या घाईत असतो आणि सुटण्याचा सर्वांत जवळचा रस्ता ‘हो’ असतो. फॉर्ममागे पैसे देणाऱ्या एका संस्थेत मी काम केलं आहे. तिथे ही घाई दोन्ही बाजूंना असायची.

सुपरवायझर झालात तर रोज रात्री एक तक्ता पाहा : तपासनीसानुसार ‘सहमत’चं प्रमाण. सगळ्यांकडेच ते खूप जास्त असेल तर दोष प्रश्नात शोधा. एकाच्याच फॉर्ममध्ये असेल तर दुसऱ्या दिवशी त्याच्याबरोबर जा आणि गप्प बसून ऐका. ही तुलना न्याय्य व्हावी म्हणून एकाच भागात दोन वेगळ्या तुकड्यांना स्वतंत्र नमुने द्यायची युक्ती आपल्याकडे संख्याशास्त्रज्ञ महालनोबिस यांनी रुजवली. ती अजून तितकीच कामाची आहे.

सगळ्याला हो म्हणणाऱ्यांचे फॉर्म मात्र फेकून देऊ नका. तशी सूचना वरून येते, “खराब डेटा काढून टाका.” डेट्रॉईट आठवा : ते फॉर्म कुणाचे असतात? कमी शिकलेल्यांचे, हातावर पोट असणाऱ्यांचे. ते काढले की अहवालात गावातली शिकलेली माणसंच उरतात. फॉर्म ठेवा, त्या प्रश्नावरून निष्कर्ष काढू नका.

राहता राहिला नेहमीचा पेच : प्रश्नावली दिल्लीहून किंवा देणगीदाराकडून पक्की होऊन येते आणि अक्षर बदलायला परवानगी नसते. तिथे वाद घालू नका, ‘समाधानी आहे’च्या खाली ‘शेवटचं कधी’चा एक प्रश्न जोडू द्या एवढंच मागा. राज्यांची किंवा वर्षांची तुलना बिघडत नाही म्हटल्यावर बहुतेक जण हो म्हणतात. आणि ते लेखी घ्या, पायलटच्या आठवड्यातच, कारण टॅबवरचा फॉर्म एकदा कुलूपबंद झाला की मग कुणीच फोन उचलत नाही.