चिनी माहितीपटातला ‘निर्माता’ : या चुका टाळा

चिनी टीव्हीवरच्या माहितीपटांबद्दल मराठीत लिहिताना सगळ्यात मोठी गफलत ‘निर्माता’ या शब्दानेच होते. निर्माता म्हटलं की आपल्याला पैसे घालणारा शेठ दिसतो. श्रेयनामावलीतला ‘जीपियेनरेन’ (निर्मात्यासाठीचा चिनी शब्द) तो नव्हे. मालकी ज्या संस्थेची, तिच्या प्रमुखाचं नाव ‘छूपिनरेन’ म्हणून येतं. बरेचदा हा ‘छूपिनरेन’ वाहिनीचाच वरिष्ठ असतो. या दोघांना एकच शब्द वापरलात की पुढचं सगळं चुकतं. ‘जीपियेनरेन’ची तुलना करायचीच तर मुंबई दूरदर्शनच्या जुन्या प्रोड्युसरशी करा : पगारी माणूस, पण कार्यक्रमाची जबाबदारी त्याच्याच गळ्यात.

दुसरी चूक, हे पद पहिल्यापासून इतकं वजनदार होतं असं धरून चालण्याची. चीनची सरकारी वाहिनी १९५८ची, पण निर्मात्याच्या हाती खरी सूत्रं आली ती १ मे १९९३ला सुरू झालेल्या ‘दोंगफांग शिखोंग’ या सकाळच्या कार्यक्रमापासून. जाहिरातींच्या उत्पन्नातून खर्च भागवायचा आणि कायम नोकरीबाहेरची माणसं घ्यायची, ही मुभा निर्मात्यांना मिळाली. त्यातल्या माहितीपटांच्या सदराचे निर्माते छेन मंग. सामान्य माणसांची स्वतःची गोष्ट सांगायची, हे त्या सदराचं ब्रीद. याचं श्रेय नुसत्या कलादृष्टीला देऊ नका. दृश्यांवर भारदस्त निवेदन चढवायची जुनी सवय मोडायला नव्या दमाची माणसं लागतात आणि ती कामावर घेण्याचा अधिकारही लागतो.

तिसरी चूक नवखे सर्रास करतात : तपासणी शेवटी होते असं समजतात. वाहिनीत साधारणपणे तीन टप्प्यांची तपासणी असते. पहिली चाळणी निर्मात्याची, मग विभागप्रमुख, मग वरचे अधिकारी. म्हणजे निर्माता एकाच वेळी दिग्दर्शकाचा वकील आणि पहिला परीक्षक. (या कात्रीत वर्षानुवर्षं बसायचं म्हणजे गंमत नाही.) क्रांतीचा इतिहास किंवा बडे नेते असा विषय असेल तर मंजुरी चित्रीकरणाआधीच लागते. एखादा भाग का गळला याचा शोध संकलनाच्या टेबलावर लागत नसेल, तर विषयाच्या पहिल्या प्रस्तावाकडे वळा.

निर्मितीचा काळ चित्रीकरणाच्या दिवसांवरून मोजू नका. बीजिंगच्या राजवाडा संग्रहालयातल्या दुरुस्ती-कारागिरांवरची तीन भागांची मालिका २०१६मध्ये आली आणि बिलिबिली या चिनी व्हिडिओ-संकेतस्थळावर तरुणांनी ती डोक्यावर घेतली. कॅमेरा फिरला जेमतेम चार महिने. त्याआधीची पाहणी काही वर्षांची. संग्रहालयाला २०१५मध्ये ९० वर्षं होत होती, तेव्हा दारं उघडायला निमित्तही मिळालं. अशी वेळ हेरणं हे निर्मात्याचंच काम.

आणि ‘अ बाइट ऑफ चायना’ या २०१२च्या गाजलेल्या खाद्यमालिकेचे छेन श्याओछिंग यांना ‘निर्माता’ लिहू नका. ते मुख्य दिग्दर्शक होते.