मंडळाचा विविध गुणदर्शन कार्यक्रम बांधायचा कसा (आणि लंडनच्या सेसिल मॅडनचा त्यात काय संबंध)

सोलापुरात माझं ड्रेपरीचं, म्हणजे नाच-नाटकाचे कपडे भाड्यानं द्यायचं दुकान आहे. गणपती जवळ आले की पूर्व भागातली मंडळं, शाळा, महिला मंडळं सगळी माझ्या पायरीवर. कुणाला कोळीनृत्याच्या साड्या, कुणाला मावळ्यांचे अंगरखे, कुणाला कुचिपुडीचा पंख्याचा पोशाख. कपडे काढता काढता मी विचारते, "कितवा नंबर रे तुमचा?" उत्तर ठरलेलं असतं, "ते बघू की मावशी आयत्या वेळी." तिथंच निम्मा कार्यक्रम पडतो. म्हणून हे लिहून ठेवते.

मॅडन कोण, ते आधी सांगते. बीबीसीनं टेलिव्हिजन सुरू करायचं ठरवलं तेव्हा करमणुकीचे कार्यक्रम उभे करायची मुख्य जबाबदारी या गृहस्थांवर आली. ऑगस्ट १९३६ मध्ये लंडनला रेडिओचं मोठं प्रदर्शन भरणार होतं आणि तिथं येणाऱ्या लोकांना टेलिव्हिजन दाखवायचा होता. मॅडनच्या हातात दोन आठवडेही नव्हते. तरी २६ ऑगस्टला 'हिअर्स लुकिंग ॲट यू' नावाचा गाण्या-नाचाचा कार्यक्रम ॲलेक्झांड्रा पॅलेसमधून, म्हणजे बीबीसीच्या लंडनमधल्या टेलिव्हिजन स्टुडिओतून गेला. रेकॉर्डिंगची सोय नव्हती, त्यामुळे पुन्हा दाखवायचा म्हणजे कलाकारांनी पुन्हा उभं राहून सगळा करायचा. स्टुडिओ साधारण ७० फूट लांब आणि ३० फूट रुंद. आपला मंडप याहून फार लहान नसतो, तेव्हा जागा नाही ही तक्रार माझ्याकडे आणू नका.

सुरुवात कागदानं करा. मोबाईलवर नको, कागदावरच, कारण तो विंगेत चिकटवता येतो. चार रकाने आखा: आयटम, मिनिटं, माणसं, कपडे. मिनिटं लिहिताना गाणं किती मिनिटांचं ते लिहू नका. पोरं स्टेजवर चढल्यापासून शेवटचं पोरगं उतरेपर्यंतचा वेळ लिहा. चार मिनिटांच्या गाण्याला सहा लागतात, बारकी पोरं असतील तर सात.

कपड्यांचा रकाना कुणीच भरत नाही, आणि सगळा घोळ तिथंच असतो. एकच मुलगी लावणीत आहे आणि पुढच्या कोळीनृत्यातही आहे. नऊवारी सोडून दुसरी साडी, केसांचं, दागिन्यांचं, याला पंधरा मिनिटं धरा. म्हणजे तिच्या दोन आयटमांमध्ये निदान तीन आयटम हवेत. मुलीचं नाव दोन्हीकडे लाल पेनानं लिहा आणि मधलं अंतर मोजा. कमी पडत असेल तर क्रम बदला. मुलीला "जरा लवकर बदल" म्हणून काही होत नसतं.

आता क्रम. क्रम शिकायचा तर लंडनच्या पॅलेडियम थिएटरातून व्हायचा तो 'संडे नाईट ॲट द लंडन पॅलेडियम' बघावा. १९५५ मध्ये ब्रिटनमध्ये जाहिरातींवर चालणारं टेलिव्हिजन आलं आणि २५ सप्टेंबरला हा कार्यक्रम सुरू झाला. सुरुवातीला टिलर गर्ल्सचा एका रांगेतला नाच. मग कसरती, जादू असले आयटम. मधे 'बीट द क्लॉक' हा प्रेक्षकांना स्टेजवर बोलावून घ्यायचा खेळ. सगळ्यात मोठं नाव शेवटाकडे, आणि अगदी शेवटी फिरत्या रंगमंचावर उभे राहून सगळे हात हलवणार. पहिल्याच दिवशी ग्रेसी फील्ड्स ही गाजलेली गायिका होती. तिच्यासाठी लोक बसून राहणार, हे बांधणाऱ्यांना पक्कं माहीत होतं.

आपल्याकडे बरोबर उलटं चालतं. सगळ्यात भारी आयटम पहिला, मग सत्कार, मग भाषण, आणि रात्री साडेनऊला समोर फक्त राहिलेल्या पोरांच्या आया.

असं करा. पहिला आयटम गर्दीचा ठेवा, लेझीम किंवा समूहनृत्य. बघणाऱ्याला आवाज आणि हालचाल मिळाली की तो खुर्ची धरतो. दुसरा लहान मुलांचा, म्हणजे ती जेवून झोपायला मोकळी. तिसरा विनोदी, दोन माणसांचा, पडद्यापुढे होणारा, कारण मागं सामान लावायला तेवढाच वेळ मिळतो. सत्कार चौथ्या जागी. पाहुण्यांनाही बरं पडतं, त्यांना आणखी चार मंडळं करायची असतात. शाल-श्रीफळ एका ताटात तयार ठेवा, नावं एकाच माणसानं वाचावीत, दहा मिनिटांत उरका. सत्कारानंतर लगेच प्रेक्षकांचा खेळ. पाहुणे उठून जाताना मंडप हलतो, ती गडबड खेळात जिरते. मोठा आयटम शेवटून दुसरा, आणि शेवटी सगळे स्टेजवर. आरती असेल तर तीच शेवट.

दोन आयटम जोडायचे कसे, हा माझा आवडता भाग. निवेदक शेरोशायरी करतो, ती ऐकून ऐकून माझे कान किटलेत. मॅडनचा 'पिक्चर पेज' १९३६ मध्ये सुरू झाला आणि युद्धातली वर्षं सोडली तर १९५२ पर्यंत चालला. त्यात वेगवेगळ्या क्षेत्रांतली माणसं येऊन दोन-चार मिनिटं बोलून जात. ती जोडण्यासाठी त्यांनी जोन मिलर या कॅनेडियन नटीला टेलिफोनच्या स्विचबोर्डवर बसवली. ती तार जोडणार आणि पुढचा पाहुणा दिसणार. बास, एवढंच. पण कितीही विजोड पाहुणे आले तरी कार्यक्रम एकच वाटायचा. युद्धानंतर हेन्री कॉल्डवेलनं 'कॅफे काँटिनेंटल' केला, तिथं सगळा स्टुडिओच रात्रीचं हॉटेल आणि एलेन कोर्देट तिथली यजमानीण.

तुम्हीही एक जागा ठरवा. आमच्या गल्लीतल्या मंडळाला मी एसटी स्टँडची चौकशी खिडकी सुचवली. कॉलेजातली एक धीट पोरगी खिडकीत बसवली, भोंग्याच्या आवाजात ती सांगणार, "अक्कलकोटहून येणारी गाडी फलाटावर लागत आहे," की कन्नड भजनवाले उतरले. हैदराबादची गाडी लागली की फुलांभोवती फेर धरायची तेलुगू बतकम्मा, पंढरपूरची लागली की दिंडी. सोलापुरात तीन भाषा एका मंडपात बसतात. "आता सादर होत आहे तेलुगू गीत" म्हटलं की मराठी माणूस चहाला उठतो. गाडी म्हटलं की थांबतो, कोण उतरतंय बघायला. गाडी उशिरा येत आहे अशी घोषणा करून तयार नसलेला आयटमही ढकलता येतो, हा वरचा फायदा.

कॅमेऱ्याचं थोडक्यात. आता प्रत्येक मंडळ मोबाईलवर लाईव्ह सोडतं. ॲलेक्झांड्रा पॅलेसमध्ये सुरुवातीला दोन पद्धती आलटून पालटून चालत. मार्कोनी-ईएमआय कंपनीचा कॅमेरा ४०५ रेषांचा (रेषा जास्त तेवढं चित्र स्पष्ट), हलवता येणारा. दुसरी बेअर्ड कंपनीची, २४० रेषांची, आणि तिचा मुख्य कॅमेरा चित्र आधी फिल्मवर घ्यायचा, ती फिल्म तिथंच धुऊन मग प्रक्षेपण. तो जागचा हलत नसे, कलाकारानंच त्याच्यासमोर यायचं. १९३७ च्या फेब्रुवारीत बेअर्डची पद्धत बंद झाली. तुमचा स्टँडवर खिळलेला मोबाईल म्हणजे बेअर्डचाच कॅमेरा समजा. स्टेजवर पांढऱ्या टेपनं खूण करा आणि एकटा गाणारा त्या खुणेवरच उभा राहील हे बघा. लेझीमचं रिंगण मात्र त्यात मावत नाही. त्याला दुसरा मोबाईल उंचावर, समोरच्या गॅलरीत. आणि दिव्याखाली पांढरे शुभ्र कपडे मोबाईलवर नुसते चमकतात, चेहरा काळा पडतो. मोतिया रंग मागा, माझ्याकडे आहे.

तालमीला माईकवाला पाहिजेच. बिल वॉर्ड बीबीसीत तांत्रिक बाजूला लागला होता. तिथून तो निर्माता झाला आणि पुढं एटीव्ही या जाहिरातींवर चालणाऱ्या टेलिव्हिजन कंपनीत करमणूक विभागाचा प्रमुख. यंत्र कुठं दगा देतं हे ज्याला माहीत, त्याला क्रम लावता येतो. म्हणून आदल्या दिवशी माईकवाल्याला चहा पाजा आणि कागद दाखवा. गाण्यांच्या फाईलींना ०१, ०२ असे आकडे द्या, दोन पेनड्राईव्ह करा. पूर्ण नाच पुन्हा पुन्हा बसवत बसू नका, तो त्यांनी घरी केलाय. प्रत्येक आयटमचं चढणं, पहिली ओळ, शेवटची ओळ आणि उतरणं एवढंच करून घ्या. चौदा आयटमांची अशी तालीम तासाभरात होते.

भोंगा दहाला बंद. परवानगीचे जादा दिवस असतील तर मंडळाच्या अध्यक्षाकडून लेखी बघा, तोंडी नको. कागदावर शेवटची वेळ पावणेदहा टाका आणि कुठला आयटम कापायचा ते आधीच कंसात लिहा. त्या पोरांना ते सांगू नका, त्यांच्या सरांना सांगा.

आणि कपडे दुसऱ्या दिवशी बाराच्या आत दुकानात. घामानं ओले असतील तर घडी घालू नका, गुलाल लागला असेल तर धुऊ नका, नुसता झटकून आणा. मुकुटांचा हिशोब वेगळा.