परतीचा पाऊस, सोयाबीनची सुडी आणि साप: हात घालण्याआधी काठी घाला

परतीचा पाऊस संध्याकाळी गडगडू लागला की रानात एकच धांदल उडते. सोंगून (कापून) पडलेल्या सोयाबीनच्या कवळ्या, म्हणजे कवेत मावतील एवढे ढीग, गोळा करायच्या, सुडी, म्हणजे गंजी, लावायची, ताडपत्री ओढायची. अंधार पडत आलेला, पायात झिजलेली चप्पल किंवा तीही नाही, बॅटरी घरी चार्जिंगला. दोन-चार दिवस जमिनीला टेकून पडलेल्या कवळीखाली उंदीर शिरलेला असतो आणि उंदरामागे घोणस. आपण वाकून दोन्ही हात खाली सरकवतो आणि कवळी छातीशी धरतो. दर हंगामात दंशाची हकीकत हीच असते: हात आधी गेला, नजर नंतर.

देशात २००० ते २०१९ या काळात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावल्याचा अंदाज आहे. बहुतेक खेड्यांतली, आणि निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबरमधले. सोयाबीन आणि भाताच्या पट्ट्यात मात्र धोक्याची ही मुदत काढणी उरकेपर्यंत धरा.

कवळी उचलायची कशी

चार-पाच फुटांची काठी घ्या. कवळीच्या कडेला जमिनीवर दोन-तीनदा आपटा. धामण, नाग, दिवड जमिनीच्या हादऱ्याने बहुधा निघून जातात. घोणस जाईलच असे नाही. ती अंग फुगवून, कुकरची शिट्टी दबल्यासारखा फुत्कार टाकत जागेवरच बसते, कधी तोही टाकत नाही. म्हणून आपटून भागत नाही, उलटून बघावे लागते. दाताळ्याने (लांब दांड्याच्या दातेरी अवजाराने) किंवा विळ्याच्या टोकाने कवळीची पलीकडची कड उचला, म्हणजे साप असलाच तर तो आणि तुम्ही यांच्यामध्ये कवळी राहते. आपल्याकडची कड उचलली की तोंड थेट आपल्या नडग्यांकडे उघडते. पत्रा, फळी, ताडपत्री, ठिबकच्या नळ्यांचे वेटोळे, बारदान, सगळ्यांना हाच नियम. हातमोज्यांवर फार विसंबू नका. घोणशीचे दात लांब असतात, पातळ रबर त्यांना अडवत नाही.

सोंगलेले सोयाबीन वाळले की त्याच दिवशी सुडीवर न्या. सुडी बांधापासून आणि बोरी-बाभळीच्या झुडपापासून लांब, शक्य असेल तर लाकडी ओंडक्यांवर उंच लावा. हडंब्यात, म्हणजे मळणी यंत्रात, पेंढी टाकताना वरच्या थरापासून सुरुवात करा. तळाचा थर भर दिवसा, दाताळ्यानेच. मळणी रात्री चालवायचीच असेल तर सुडीच्या बाजूलाही दिवा लावा. बहुतेक ठिकाणी तो फक्त यंत्राकडे असतो.

कोकणात कातळाच्या कडेच्या भातात फुरसे असते. वीतभर, मातीच्या रंगाचे, भाऱ्याखाली दिसतही नाही. सुपारी आणि काजूच्या बागेत हिरवा चापडा हाताच्या उंचीवर फांदीवर बसतो. तिथे डोळे जमिनीवर ठेवून भागत नाही. चापड्याच्या विषावर आपल्याकडची सर्पदंशाची लस, म्हणजे दंशानंतर द्यायचा विषावरचा उतारा, काम करत नाही. दंश झाला तर दवाखान्यात लक्षणांवर उपचार होतात, म्हणून जायचे तर आहेच.

रात्रीची लाईट

हरभरा, गहू, कांद्याला पाणी सुरू झाले की शेतीपंपाला रात्रीच्या पाळीची लाईट येते आणि माणूस झोपेतून उठून अंधारात दारे धरायला, म्हणजे पाणी वाफ्यांत वळवायला, जातो. लाईट आली की मोटार आपोआप सुरू करणारा ऑटो स्टार्टर बसवला तरी दारे मोडायला जावेच लागते. गमबूट आणि डोक्याला लावायची बॅटरी या दोन वस्तू मिळून एका फवारणीच्या औषधाएवढ्याही महाग नाहीत, तरी दुकानातून टॉनिकच्या बाटल्या येतात आणि बूट राहून जातात. मोबाईलचा उजेड बॅटरी नव्हे. एक हात अडकतो, आणि फोन आला की उजेड कानाला लागतो.

स्टार्टरच्या पेटीपाशी विशेष जपा. पेटीत ऊब असते, दिव्याला किडे येतात, किड्यांना पाल आणि बेडूक, त्यांना साप. झाकण काठीने उघडा, आत उजेड टाका, मगच बटणाला हात लावा. केबलची भोके वाळू-सिमेंटने बुजवा. उकाड्याची ढगाळ संध्याकाळ आणि पाऊस उघडल्यावरची पहिली रात्र, या दोन वेळी साप जास्त दिसतात असे जुने शेतकरी सांगतात. कागदावर हे कुठे नाही, पण त्या रात्रीची पाळी टाळता आली तर टाळा.

राखणीला जमिनीवर झोपू नका. मण्यार रात्री फिरते, अंथरुणात शिरते, तिचा दंश बहुधा दुखत नाही, खूणही धड दिसत नाही. माणूस पहाटे पोट दुखते म्हणून उठतो आणि घरचे त्याला ओवा देतात. बाज आणि गादीखाली खोचलेली मच्छरदाणी हा यावरचा स्वस्त आणि खात्रीचा उपाय.

नेहमीची कामे:
- बांधावरचे गवत कापणे, घराभोवती सहा फूट जागा मोकळी
- सरपण, विटा, कडबा घरापासून दूर
- उंबऱ्याखालची फट, मोरीची जाळी
- धान्य कोठीत. सांडलेले दाणे झाडून घेणे
- कोंबड्यांचे खुराडे झोपायच्या खोलीपासून लांब
- बूट घालण्याआधी उलटे करून झटकणे

थिमेट टाकू नका

घराभोवती आणि सुडीभोवती फोरेटचे दाणे, म्हणजे लोकांच्या तोंडचे थिमेट, टाकायची सवय अजून गेलेली नाही. फोरेटवर २०२० च्या डिसेंबरअखेरपासून देशात बंदी आहे. कुणी मागच्या दाराने देत असेल तर घेऊ नका. साप त्याने अडत नाही. कोंबडी, कुत्रे, पाखरे आणि अनवाणी खेळणारे पोर मात्र मरू शकते. गंधक, फिनेल, डांबरगोळ्या, 'सर्परोधक' पावडर आणि आवाज करणारी यंत्रे यांवर पैसे घालवू नका. ज्या दुकानदाराला विषारी घोणस आणि बिनविषारी डुरक्या घोणस यांतला फरक सांगता येत नाही, त्याने सापाचे औषध विकावे हेच नवल.

साप कमी करायचे तर उंदीर कमी करा. संध्याकाळी सगळी बिळे मातीने बुजवा. सकाळी जी उकरलेली दिसतील ती जिवंत. त्यांत दोन दिवस बिनविषारी आमिष द्या. मग ९६ भाग भरडलेले धान्य, २ भाग गोडेतेल, २ भाग झिंक फॉस्फाईड असे मिसळून बिळाला १० ग्रॅम, कागदाच्या पुडीत, काठीने आत ढकलून. हाताने नव्हे: एक तर ते जहाल विष, आणि दुसरे, बिळात उंदीरच असेल याची खात्री नाही. मेलेले उंदीर पुरा, नाहीतर घुबड आणि धामण त्यांच्यासोबत जातात. शेतात इंग्रजी टी-आकाराचे पक्षीथांबे लावा. घुबडे रात्री त्यांवर बसून फुकट राखण करतात. धामणीला मारू नका. ती बिनविषारी आहे आणि बिळात शिरून उंदीर खाणारी तिच्याइतकी कामाची दुसरी नाही. नागपंचमीला आपण नांगर धरत नाही आणि पुढच्या आठवड्यात नाग समजून धामण ठेचतो.

साप समोर आला तर

थांबा. मग हळूहळू मागे सरका. साप अंगाच्या साधारण एक तृतीयांश ते निम्म्या लांबीपर्यंत झेप घेतो, तेव्हा सात-आठ फूट अंतर पुरते. वाट मोकळी दिली की तो जातो. मारायला गेलेल्या माणसाला दंश होण्याचा धोका सोडून दिलेल्यापेक्षा जास्त, आणि वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ खाली मारणे गुन्हाही आहे. घरात शिरला तर पोरे आणि जनावरे बाहेर काढा, आतले दार लावून फटीत कापड कोंबा, एकाने लांबून नजर ठेवा आणि वन विभागाच्या १९२६ वर किंवा जवळच्या सर्पमित्राला फोन करा. साप गळ्यात घालून व्हिडिओ काढणारा सर्पमित्र नव्हे. त्याला पुन्हा बोलवू नका.

भाजीपाल्याच्या नायलॉन जाळीत अडकलेला साप ओढू नका. जाळी त्याच्या अंगात रुतते आणि तो चावतो. वर ओले बारदान टाकून सावली करा आणि जाणकार येईपर्यंत थांबा. विहिरीत पडलेल्यासाठी खडबडीत फांदी किंवा दोराला बांधलेले बारदान तिरके सोडा आणि सगळे बाजूला व्हा. बहुतेक साप त्यावरून वर येतो.

दंश झालाच तर

अंगठी, बांगड्या, जोडवी, घड्याळ लगेच काढा. सूज आल्यावर निघत नाहीत. हात किंवा पाय फळीला सैल बांधून हलणार नाही असा ठेवा. आवळून दोरी नको, ब्लेडने चीर नको, तोंडाने ओढणे नको, बर्फ नको, झाडपाला नको. आधीच कुणी घट्ट बांधले असेल तर वाटेत सोडू नका, डॉक्टरांसमोर सोडवा. १०८ ला फोन करा. गाडी यायला वेळ असेल तर मोटारसायकलवर रुग्ण मध्ये, मागे धरायला तिसरा. चालवत नेऊ नका. साप मारून आणायची गरज नाही. लांबून फोटो मिळाला तर ठीक. मेलेल्या सापाचे तोंडही काही वेळ चावू शकते.

देवळात किंवा मांत्रिकाकडे गेलेला तास परत मिळत नाही. मांत्रिकाचे 'उतरलेले' बहुतेक दंश मुळात बिनविषारी सापांचे किंवा कोरडे, म्हणजे विष न सोडलेले, असतात. लस नाग, मण्यार, घोणस, फुरसे या चौघांवर चालते आणि विषबाधेची लक्षणे असतील तर पहिला डोस सहसा ८ ते १० कुप्या, सलाईनमधून. लहान मुलालाही तेवढ्याच, कारण विष मुलाच्या वजनाने कमी होत नाही. काचेच्या कोरड्या नळीत दोन मिलिलिटर रक्त २० मिनिटे न हलवता ठेवून ते गोठते का पाहतात. न गोठल्यास घोणस किंवा फुरशाचे विष समजतात. लक्षणे नसली तरी २४ तास दवाखान्यात थांबा. 'बरे वाटतेय, सोयाबीन भिजतेय' म्हणून उठून येऊ नका. घोणशीच्या दंशानंतर लघवी कमी झाली किंवा लाल झाली तर लगेच सांगा.

लस तुमच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात आहे का आणि रात्री डॉक्टर असतात का, हे सोंगणीला हात घालण्याआधी विचारून ठेवा. नसेल तर ग्रामीण किंवा उपजिल्हा रुग्णालयाचा नंबर खडूने नव्हे, रंगाने स्टार्टरच्या पेटीवर लिहा. सर्पदंशाने मृत्यू झाल्यास गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून वारसांना २ लाख रुपये मिळतात. त्यासाठी पोलीस पंचनामा आणि शवविच्छेदन करून घ्या, आणि अर्ज तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे द्या.