ऑकारिना ऑफ टाइम: गाणं लागत नाही? या चुका टाळा

1998 साली निन्टेन्डो 64 या गेम कन्सोलवर आलेला झेल्डा मालिकेतला हा गेम आजही लोक नव्याने सुरू करतात आणि सगळ्यात जास्त अडकतात ते लढाईत नाही तर गेमचा नायक लिंक याच्या त्या निळ्या ऑकारिनावर, म्हणजे फुंकून वाजवायच्या छोट्या वाद्यावर. गाणं तर बरोबर वाजवलं मग काहीच का होत नाही, हा प्रश्न मला इतक्या जणांनी विचारलाय की म्हटलं एकदा नीट लिहूनच काढूया.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे बाण पाठ करणं, म्हणजे कंट्रोलरच्या चार सी बटणांवरचे बाण. डावा वर उजवा, डावा वर उजवा असं घोकत बसतात आणि चार दिवसांनी गेम उघडला की सगळं विसरलेलं असतं. अहो, पाचच सूर आहेत! पेटीवर सफेद एकला सा धरा, मग ए बटण म्हणजे रे, सी खाली म्हणजे म, सी उजवा ध, सी डावा नी आणि सी वर म्हणजे वरचा रे. सगळे शुद्ध, एकही कोमल नाही. आता झेल्डाज लल्लबाय हे गाणं काय आहे तर नी, वरचा रे, ध, आणि पुन्हा तेच. एपोनाज साँगमध्ये हेच तीन सूर आहेत, फक्त वरचा रे आधी येतो, नंतर नी, ध. म्हणून बाणांनी शिकणारे ही दोन गाणी कायम एकमेकांत मिसळतात, पण एकदा तोंडाने गुणगुणून बघा, दोन्ही इतकी वेगळी वाटतात की चुकणं अवघड आहे. सारियाज साँग तर म ध नी, सरळ चढत जाणारं.

दुसरा घोळ होतो दोन रे मध्ये. साँग ऑफ टाइम म्हणजे ध रे म, यातला रे खालचा, ए बटणाचा. सन्स साँग म्हणजे ध म आणि वरचा रे. साँग ऑफ स्टॉर्म्समध्ये तर दोन्ही रे लागतात, रे म आणि लगेच वरचा रे, आणि तिथे घाईत ए दोनदा दाबला जातो. सहाही गाण्यांत तीन सुरांचा तुकडा दोनदा वाजवायचा असतो. आणि लय नाही जमली तरी काळजी करू नका, गेम फक्त क्रम बघतो, त्यामुळे पहिल्यांदा हळूहळूच वाजवा. चुकीचा सूर लागला तर पुढे दामटू नका, बी दाबून ऑकारिना खाली ठेवा आणि पहिल्यापासून सुरू करा.

वाजवताना अंगठा कंट्रोल स्टिकवर ठेवू नका. स्टिक हलली की सूर वर-खाली वाकतो, आर आणि झेड ही बटणं दाबली तर अर्ध्या सुराने सरकतो. मोकळं वाजवताना ही मजा आहे, अख्खं सप्तक काढता येतं, पण गाणं लावायचंय तेव्हा नको. निन्टेन्डो स्विच या नव्या कन्सोलवर खेळणाऱ्यांचं दुखणं थोडं वेगळं, तिथे सी बटणं उजव्या स्टिकवर आलीत आणि स्टिक जरा तिरकी गेली की भलताच सूर. सरळ सेटिंगमध्ये जाऊन बटणं बदलून घ्या, मी तर म्हणेन ऑकारिना हातात येण्याआधीच करा.

आता सूर बरोबर आहेत तरी काही होत नाही? मग जागा चुकतेय. लल्लबाय ट्रायफोर्सच्या (तीन त्रिकोणांच्या) खुणेवर उभं राहूनच वाजवायची, झोराज रिव्हरच्या धबधब्यापाशीसुद्धा समोरच्या पाटीवर उभं राहायचं, दोन पावलं बाजूला राहून उपयोग नाही. या गेममध्ये लिंक काळात मागेपुढे जाऊन कधी लहान तर कधी मोठा होतो. साँग ऑफ स्टॉर्म्स मोठा लिंक काकारिको गावच्या पवनचक्कीत शिकतो, पण गावातली विहीर कोरडी करायची तर लहान होऊन त्याच पवनचक्कीत जाऊन वाजवावं लागतं, इथे लोक मोठ्या लिंकनेच तासभर वाजवत बसतात!! एपोना या घोडीचं गाणंही लहानपणीच मॅलन या मुलीकडून शिकून ठेवा, नाहीतर मोठेपणी ती तुमच्याकडे येणारच नाही.

गेममधल्या बुजगावण्याच्या बाबतीत तर कळकळीने सांगतो, लेक हायलिया या तळ्यावर लहान लिंकने त्याला शिकवलेली आठ सुरांची धून कागदावर लिहून ठेवा, कारण मोठेपणी त्याच्यासमोर तीच जशीच्या तशी वाजवावी लागते. सगळे आठ सूर एकसारखेही चालत नाहीत, किमान दोन वेगळे हवेत.

गेम खेळून बरेच जण खरी ऑकारिना विकत घेतात आणि मला ते फार आवडतं. बारा भोकांची ऑल्टो सी घेतलीत तर खालच्या ध पासून वरच्या म पर्यंत सूर मिळतात, म्हणजे गेममधले पाचही त्यात बसतात. पण बासरीवाल्यांनी एक लक्षात ठेवा, बासरीत जोरात फुंकून वरचं सप्तक काढतो तसं इथे होत नाही. हे बंद भांडं आहे, जोरात फुंकलं की सूर नुसता चढतो आणि किंचाळतो. खालच्या सुरांना अगदी हलका श्वास, वर जाताना थोडा थोडा वाढवायचा. एखादं बोट नीट बसलं नसेल तरी सूर चढतो, कारण इथे एकूण किती भोक उघडं आहे त्यावर सूर ठरतो, म्हणून ट्यूनर लावून आधी सगळी भोकं बंद करून खालचा सूर तपासा.

थोडा वेळ वाजवल्यावर आवाज घोगरा झाला तर फुंकण्याच्या वाटेत वाफेचं पाणी साचलेलं असतं. त्यात काडी किंवा सुई अजिबात घालू नका, आतली धार दुखावली तर वाद्य गेलंच समजा. तोंडाने हवा उलटी आत ओढा, पाणी सुटतं. आणि थंडीत वाजवायच्या आधी दोन मिनिटं हातात धरून कोमट करा, मग पाणी साचतंच कमी.