शुहूर सनाचं इसवी साल कसं काढायचं

पेशवाईतल्या मोडी पत्रावर ‘इहिदे सितैन मया व अलफ’ असलं काही दिसलं की घाबरायचं नाही, हा शुहूर सन, म्हणजे तेव्हाच्या दफ्तरी कालगणनेतलं वर्ष, आणि हे शब्दांत लिहिलेले अरबी आकडे आहेत, दख्खनच्या सुलतानांच्या दफ्तरातून आलेले, राज्य बदललं तरी कारकुनांनी काही सोडले नाहीत. वाचायचं एककापासून, म्हणजे इहिदे १, सितैन ६०, मया १००, अलफ १०००, मधला ‘व’ म्हणजे आणि. बेरीज ११६१. आता पत्र मृग नक्षत्रापासून डिसेंबरपर्यंतचं असेल तर ५९९ मिळवा, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंतचं असेल तर ६००, कारण हा सन मृगावर बदलतो, शेतकऱ्याचं वर्षच ते. आलं १७६०-६१, थेट पानिपतचं साल! फक्त सीत (६) आणि सितैन (६०) यात मी दोनदा फसलोय, शेवटचा ‘ऐन’ नीट बघा.