उंचीवरच्या कादंबरीचे परीक्षण करताना या चुका टाळा

कडोली, येळ्ळूर, उचगाव, कुद्रेमनी या गावांतून साहित्य संमेलनांचे मांडव पडू लागले की त्याच सुमारास आमच्या सीमाभागातील वाचनालयांच्या वाङ्मय स्पर्धांची बाडेही परीक्षकांच्या घरी येऊन पडतात. त्यात ऐतिहासिक कादंबरी हमखास असते आणि अलीकडे तिच्यात हिमालयातील जुन्या मोहिमांवर लिहिलेल्या साहसकथांची भर पडली आहे. गडकोटांवरची कादंबरी कशी तपासायची हे आपल्याला ठाऊक असते, कारण गड पाहिलेला असतो, बखर चाळलेली असते आणि घराण्यांची नावे तोंडपाठ असतात. सात-आठ हजार मीटरवर घडणारी कादंबरी मात्र आपण त्याच नजरेने वाचतो, आणि तिथे चांगल्या लेखनावर अन्याय होतो किंवा वाईट लेखन पार पडते. माझ्या हातून झालेल्या आणि सहपरीक्षकांच्या हातून होताना पाहिलेल्या चुका इथे लिहितो आहे.

संथपणाला दोष समजणे

ही सर्वांत मोठी चूक, आणि ती मी स्वतः केली आहे. काही वर्षांपूर्वी एका हस्तलिखितात नायकाची एक पहाट अर्ध्या प्रकरणभर चालली होती: स्टोव्ह पेटत नाही, बर्फ वितळत नाही, बूट पायात जात नाहीत. मी समासात ‘गती नाही’ असे लिहिले आणि गुण कापले. पुढे हा विषय आमच्या गल्लीतील निवृत्त सुभेदारमामांपाशी निघाला. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे केंद्र बेळगावातच असल्यामुळे आपल्या पंचक्रोशीत सियाचीन पाहून आलेला माणूस शोधायला लांब जावे लागत नाही. मामांनी समोरचा पाण्याचा तांब्या उचलून माझ्यापुढे ठेवला आणि म्हणाले, “मास्तर, एवढं पाणी पाहिजे तर पातेलं किती वेळा बर्फानं भरायचं, सांगा बघू. आणि हातमोजा काढून बुटाची नाडी बांधायला गेलं की बोटं आपली राहत नाहीत.” ते प्रकरण मी घरी येऊन पुन्हा वाचले, तेव्हा ज्या ओळी मला कंटाळवाण्या वाटल्या होत्या त्यांतच त्या कादंबरीचा जीव होता हे लक्षात आले. निकाल लागून गेला होता.

इतिहासही मामांच्याच बाजूने साक्ष देतो. २९ मे १९५३ रोजी सकाळी साडेअकराच्या सुमारास तेनझिंग आणि हिलरी एव्हरेस्टच्या माथ्यावर पोहोचले, हे आपल्याला शाळेपासून माहीत असते. त्याच दिवशी पहाटे हिलरी यांचे रात्री काढून ठेवलेले बूट गोठून दगड झाले होते आणि ते स्टोव्हच्या आचेवर मऊ करण्यात सुमारे दोन तास गेले, हे फार थोड्यांना माहीत असते. साडेपाच हजार मीटरच्या आसपास हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्यावर येतो आणि माथ्यावर तो एक-तृतीयांशाच्या जवळपास उरतो. पाणी कमी तापमानालाच उकळते, म्हणून वर डाळ शिजत नाही. एका पावलासाठी अनेक श्वास घ्यावे लागतात. आपले बेळगाव ७५० मीटरच्या आसपास आहे आणि महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर कळसूबाई १,६४६ मीटर आहे. त्यामुळे राजहंसगड किंवा पारगड चढताना लागलेल्या धापेवरून त्या धापेचा अंदाज बांधणे योग्य नाही.

म्हणून संशय आला की ‘इथे काही घडते आहे का?’ हा प्रश्न बाजूला ठेवावा आणि ‘उंची या माणसाच्या निर्णयात उतरली आहे का?’ हा प्रश्न विचारावा. बूट वितळेपर्यंत निघायला उशीर झाला, उशीर झाल्यामुळे परतीचा उजेड कमी पडणार आणि तरीही तो निघाला, असे पुढे येत असेल तर ती पहाट कथेचा कणा आहे. उलट पहाटेची ती सगळी वर्णने कापली तरी पुढच्या प्रकरणात काहीच बदलत नसेल, तर ती लेखकाने जमवलेली माहिती आहे आणि तिचे गुण देऊ नयेत. पुढच्या प्रत्येक शंकेलाही मी हीच कसोटी लावत आलो आहे.

आरडाओरडा नाही म्हणून नाट्य नाही, असे मानणे

४ जून १९२४ रोजी ब्रिटिश गिर्यारोहक नॉर्टन आणि सॉमरवेल ऑक्सिजनशिवाय एव्हरेस्टच्या उत्तर बाजूने चढत होते. सॉमरवेल शल्यविशारद होते आणि पुढे त्यांनी त्रावणकोरमधील नेय्यूर येथील मिशन रुग्णालयात अनेक वर्षे काम केले. घशाच्या त्रासाने ते मागे थांबले आणि नॉर्टन एकटे ८,५७३ मीटरपर्यंत जाऊन परतले. उतरताना सॉमरवेल यांच्या घशात काहीतरी अडकले. श्वास पूर्ण बंद झाला, आवाज फुटेना, पुढे चाललेल्या नॉर्टनना हाक मारता येईना. ते बर्फात बसले. अखेर त्यांनी दोन्ही हातांनी स्वतःची छाती दाबली आणि अडकलेला भाग, म्हणजे थंडीने करपलेले घशाचे अस्तर, खोकून बाहेर टाकले, तेव्हा श्वास सुटला. पुढे गेलेल्या नॉर्टनना मात्र वाटत होते की सोबती मागे चित्र काढायला थांबला असेल, कारण सॉमरवेल यांना ती सवय होती.

मरणाच्या दारात एक माणूस आणि काही अंतरावर दुसरा निर्धास्त, असा हा प्रसंग आहे. तो एखाद्या कादंबरीकाराने चार शांत वाक्यांत लिहिला तर आपल्याकडचे परीक्षक ‘प्रसंग फुलवलेला नाही’ असा शेरा मारतात आणि दरीत लोंबकळणारा नायक, तुटणारा दोर व लांबलचक संवाद असलेल्या हस्तलिखिताला वरचा क्रमांक देतात. त्या उंचीवर लांबलचक संवाद बोलायला श्वास नसतो. आठ हजार मीटरवर पात्र सलग पाच वाक्यांचे भाषण करत असेल तर तिथेच पेन्सिलीने खूण करावी.

भासांची गोष्टही अशीच आहे. १९३३ मध्ये फ्रँक स्माइथ एकटे चढत असताना सोबत कोणीतरी आहे असे त्यांना इतके खरे वाटले की त्यांनी खिशातील मिंट केकचा (पुदिन्याच्या साखरवडीचा) तुकडा मोडून त्या नसलेल्या सोबत्यापुढे धरला. असे प्रसंग हस्तलिखितात आले की ‘भुताखेतांचा आधार’ म्हणून गुण कापले जातात, ते कापू नयेत.

बरोबर तपशील चूक म्हणून कापणे

कालविपर्यास पकडताना आपण आजचे ज्ञान प्रमाण मानतो आणि घोटाळा होतो. १९२४ मधील पात्र एव्हरेस्टची उंची २९,००२ फूट सांगत असेल तर ते बरोबर आहे, कारण राधानाथ सिकदार यांच्या गणितानंतर १८५६ मध्ये जाहीर झालेला आकडा तोच होता. त्या पात्राच्या तोंडी ८,८४८ मीटर घातले तरच ती चूक ठरते, कारण तो आकडा १९५५ च्या भारतीय सर्वेक्षणातून आला. मात्र एका परीक्षकाने नेमके उलटे केलेले मी पाहिले आहे. १९२२ मधील पात्राने पिसांचा कोट घातलेला दिसला की ‘हे आधुनिक’ असे वाटते, परंतु जॉर्ज फिंच यांनी त्याच वर्षी विमानफुग्याच्या कापडात पिसे भरून शिवलेला कोट वापरला होता आणि ऑक्सिजनच्या साहाय्याने ते जेफ्री ब्रूस यांच्यासह ८,३०० मीटरच्या वर गेले होते. ऑक्सिजन घ्यावा की न घ्यावा हा तेव्हा प्रतिष्ठेचा वाद होता आणि अनेकांना तो खेळाच्या नियमाबाहेरचा वाटे. म्हणून त्या काळातील पात्र सिलिंडर नाकारत असेल तर ते अडाणीपणाचे लक्षण समजू नये.

खरे कालविपर्यास वेगळ्या जागी असतात. दुसऱ्या महायुद्धापूर्वीच्या मोहिमेत नायलॉनचा दोर चालत नाही. १९२४ मध्ये वायरलेसवरून तळाशी बोलणे चालत नाही. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या-चौथ्या दशकांत नेपाळमधून खुंबूमार्गे जाणे तर अजिबात चालत नाही, कारण नेपाळ परदेशी मोहिमांना बंद होता आणि वाट दार्जिलिंगहून तिबेटमार्गे रोंगबुक हिमनदीकडे जात असे. मी प्रत्येक प्रकरणासाठी वहीत तारीख, उंची, पाठीवरचे ओझे आणि लागलेले तास अशा चार नोंदी करतो. पाचव्या-सहाव्या प्रकरणापर्यंत लेखकाने हिशेब ठेवला आहे की नाही हे त्यातून आपोआप कळते.

तारखेकडे दुर्लक्ष करणे

हे आपल्या भागातील वाचकाकडून व्हायलाच नको. धूळवाफ पेरणी करून मृगाच्या पावसाकडे डोळे लावून बसणाऱ्या खानापूर-बेळगावच्या माणसाला ७ जून म्हणजे काय हे समजावून सांगावे लागत नाही. एव्हरेस्टवरच्या जुन्या मोहिमांची सारी धडपड मोसमी पाऊस हिमालयाला भिडण्याआधी काम उरकण्याची होती. ७ जून १९२२ रोजी नव्या हिमाने भरलेल्या नॉर्थ कोल या खिंडीच्या उतारावरून हिमप्रपात कोसळला आणि सात भारवाहक दगावले. माथ्याकडे निघालेले ब्रिटिश गिर्यारोहक मॅलरी आणि आयर्विन शेवटचे दिसले ते ८ जून १९२४ रोजी. म्हणून कादंबरीत जुलैच्या मध्यावर निरभ्र आकाशाखाली शिखर सर होत असेल आणि लेखकाने त्याचे कारण दिले नसेल, तर भाषा कितीही सुंदर असली तरी तिथे गुण जायला हवेत.

जे ठाऊक नाही ते खोटे ठरवणे

मॅलरी माथ्यावर पोहोचले होते की नाही हे आजही सिद्ध झालेले नाही. १ मे १९९९ रोजी त्यांचा देह ८,१५५ मीटरच्या आसपास सापडला, तरी तो प्रश्न सुटला नाही. अशा मोकळ्या जागेत कल्पना चालवण्याचा कादंबरीकाराला पूर्ण अधिकार आहे आणि ‘पुरावा काय?’ असा शेरा तिथे गैरलागू आहे. पुरावा जिथे आहे तिथे मात्र सूट देऊ नये.

शेर्पांचे बोलणे न तपासणे

शेर्पा हा एक समाज आहे. ते हुद्द्याचे नाव नव्हे, हे अनेक लेखकांना माहीत नसते आणि परीक्षकही ते सोडून देतात. हस्तलिखित वाचताना किती भारवाहकांना नाव आहे, कितींना घर आहे आणि कितींना स्वतःचे मत आहे हे मोजून पाहावे. १९३४ मध्ये नंगा पर्बतवर वादळात जर्मन नेता मर्कल यांना चालवेना, तेव्हा गायले नावाचा शेर्पा त्यांच्यापाशी थांबला आणि तिथेच मेला. १९३८ मध्ये दोघांचे देह सापडले. अशा माणसाला दोन ओळींत ‘स्वामिनिष्ठ’ म्हणून संपवणारी कादंबरी मला अपुरी वाटते, कारण थांबण्याचा तो निर्णय त्याचा होता आणि तो का घेतला याचा शोध घेणे हेच कादंबरीकाराचे काम आहे.

बोलण्याचा मुद्दा आपल्याला अधिक जवळचा आहे. साहेबांच्या तोंडी शुद्ध, घडीव मराठी आणि शेर्प्याच्या तोंडी मोडकीतोडकी, हसवणारी मराठी असा भेद पुष्कळ हस्तलिखितांत असतो. ‘काय करालास’ म्हणणारी आपली बोली कानडीच्या शेजारात घडलेली, पूर्ण आणि डौलदार आहे, तरी तिला नाटका-सिनेमातून विनोदापुरते वापरलेले आपण ऐकत आलो आहोत. ती कळ ज्याला ठाऊक आहे त्याने हा दोष पहिल्या वाचनातच पकडायला हवा. इंग्रज पात्रांच्या संवादांत मराठी लेखकाला ‘तू’, ‘तुम्ही’ आणि ‘आपण’ यांतून निवड करावीच लागते, आणि त्या निवडीतून त्याची समज दिसते. सदतीस वर्षांचे मॅलरी बावीस वर्षांच्या आयर्विनला काय म्हणत असतील? पहिल्या प्रकरणात ‘तुम्ही’ आणि शेवटच्या तंबूत ‘तू’ झाले असेल तर लेखकाने दोन माणसांमधील अंतर एका सर्वनामात मोजले आहे. त्याला गुण द्यावेत. हा बदल नकळत, एकाच पानावर तीनदा झाला असेल तर तो निष्काळजीपणा आहे.

परीक्षकांत एकमत होत नसेल तर

अशा वेळी गुणांची सरासरी काढण्याची घाई करू नये. तिन्ही परीक्षकांनी एकत्र बसून वादग्रस्त हस्तलिखितातील सर्वांत उंचावर घडणारे एकच प्रकरण मोठ्याने वाचावे. आमच्या एका बैठकीत असेच झाले. हस्तलिखितात १९२४ मधील तो प्रसंग होता, ज्यात मॅलरी-आयर्विनचा शोध घेऊन हताश झालेले त्यांचे सोबती ओडेल खाली वाट पाहणाऱ्यांना कळावे म्हणून सर्वांत वरच्या छावणीजवळच्या बर्फात दोन स्लीपिंग बॅगा इंग्रजी T च्या आकारात पसरतात. लेखकाने शोक लिहिला नव्हता. वाऱ्याने बॅगेची कड उलटते, ओडेल वाकून ती सरळ करतात, पुन्हा उलटते, ते पुन्हा वाकतात आणि प्रत्येक वेळी वाकून उभे राहायला त्यांना किती श्वास लागतात, एवढेच लिहिले होते. ज्या सहपरीक्षकाने आधी ‘भावना कमी’ म्हणून गुण कापले होते, त्यांनीच ते पान वाचून दाखवले आणि मग गुणतक्ता मागून घेऊन आपला आकडा स्वतःच्या हाताने बदलला.