डीओपी होण्याआधीची वर्षं

सिनेमॅटोग्राफीत येणारी मुलं भेटली की पहिला प्रश्न ठरलेला असतो: डीओपी, म्हणजे चित्रपटाचा मुख्य छायाचित्रकार, कधी होणार? मुंबईत कॅमेरा असिस्टंट म्हणून काम करताना हा प्रश्न मलाही सतत पडायचा. अशा मुलांना मी फ्रेंच छायाचित्रकार आन्येस गोदार यांचा प्रवास सांगते.

गोदार यांचा जन्म १९५१चा. पॅरिसच्या ‘इडेक’ या चित्रपट शिक्षणसंस्थेतून त्या १९८० साली शिकून बाहेर पडल्या. पुढे १९८६मध्ये ‘इडेक’ची जागा ‘ला फेमिस’ने घेतली. एवढ्या नावाजलेल्या संस्थेत शिकूनही त्या आधी असिस्टंटच झाल्या. दिग्दर्शक विम वेंडर्स यांच्या ‘पॅरिस, टेक्सास’वर छायाचित्रकार रॉबी म्युलर यांच्या कॅमेरा टीममध्ये होत्या. वेंडर्स यांच्याच ‘विंग्ज ऑफ डिझायर’ला (१९८७) छायाचित्रकार होते सत्तरी ओलांडलेले आंरी आलकां आणि कॅमेरा चालवत होत्या गोदार.

कॅमेरा असिस्टंटच्या फोकस सांभाळण्याच्या कामाला कृपा करून कमी लेखू नका. नट दोन पावलं पुढे येणार की थबकणार, हे त्याच्या खांद्यावरून ओळखावं लागतं. अंतर टेपने मोजता येतं, पण तो नेमका कधी हलेल हे टेप सांगत नाही. माणसाकडे इतकं एकटक पाहण्याची सवय दुसऱ्या कुठल्याच कामात लागत नाही, असं मला मनापासून वाटतं. गोदार यांच्या फ्रेममध्ये शरीरं इतकी जिवंत दिसतात, त्याचं मूळ मला या वर्षांत दिसतं.

दुसरी कमाई माणसांची. वेंडर्स यांच्या या दोन्ही चित्रपटांवर क्लेअर दनी सहायक दिग्दर्शक होत्या. त्यांनी १९८८ साली ‘शोकोला’ हा पहिला चित्रपट केला, तेव्हा कॅमेरा ऑपरेटर गोदारच होत्या. पुढे दनी यांच्या बहुतेक चित्रपटांच्या त्या छायाचित्रकार झाल्या. आफ्रिकेतल्या जिबूतीत चित्रित झालेल्या दनी यांच्या ‘बो त्राव्हाय’साठी गोदार यांना २००१ साली सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला. तेव्हा शिक्षण संपून वीस वर्षं उलटली होती. म्हणून सेटवर धावपळ करणाऱ्या सहायक दिग्दर्शकांशी मैत्री ठेवा. उद्या चित्रपट त्यांच्यातलंच कुणीतरी करणार आहे.

फ्रान्समध्येच शिकायचं असेल तर ‘ला फेमिस’ आणि ‘लुई-ल्युमिएर’ या दोन्ही सरकारी संस्था पाहा. दोन्हीकडे प्रवेश स्पर्धापरीक्षेतून मिळतो आणि शिक्षण फ्रेंचमधून होतं. त्यामुळे कॅमेऱ्यावर पैसे घालण्याआधी भाषेवर घाला. पुण्यात आणि मुंबईत ‘अलियांस फ्रांसेज’चे फ्रेंचचे वर्ग आहेत.